कासवीची नजर

आई, कासवी पिलाकडं बघतच नाही. होळीच्या सुमारास ऑफिसातल्या बायकांबरोबर कोकणात गेले होते, तिथं कळलं. आपण टँकरची वाट बघणारी माणसं, त्यामुळं एवढं पाणी पाहून आधी मला रागच आला. सकाळी अंड्यांच्या राखणदारानं पिल्लांची टोपली वाळूवर उपडी केली आणि मूठभर पिल्लं वाळूतून धडपडत समुद्राकडं निघाली. मी विचारलं, "यांची आई कुठंय?" राखणदार म्हणाला, "अंडी घालून गेली, ताई. परत फिरकत नाही. तिला पिल्लू कधी दिसतच नाही." डायनोसॉर होते तेव्हाही समुद्रात कासवं होती, त्यातलं एखादं तर जीपएवढं असायचं, असंही त्यानं सांगितलं. बायका फोटो काढत होत्या. मी मनात तुझ्याशी भांडत उभी. इतक्या युगांत एकीनंही मागं वळून पाहिलं नाही, आणि तू मला काय सांगितलं होतंस?

बाबा गेले, तुला जाफराबादच्या दवाखान्यात नर्सची नोकरी लागली. रात्रपाळीला मला कुणाजवळ ठेवणार, म्हणून मी बदनापूरला मावशीकडं. रविवारी तू यायचीस. महादेवाच्या देवळात नेऊन दारातल्या दगडी कासवाला माझ्या हातानं कुंकू लावायला लावायचीस. "कासवी पिलाला दूध पाजत न्हाई बघ. लांबून नुसती नजर ठेवती, तेवढ्यावर ते मोठं होतं. मी तिकडं असले तरी माझी नजर बराबर तुझ्यावर राहती. फक्त गाडी वळेपर्यंत हलू नको, हललीस की नजर तुटती." मी स्टँडवर खांबासारखी उभी राहायचे. खिडक्यांना गज, आत अंधार, तू कुठं बसलीस ते दिसायचं नाही. नाकावर माशी बसली तरी हात उचलायचे नाही.

राखणदारानं आणखी एक सांगितलं. जाण्याआधी कासवी खड्डा बुजवते, सगळं अंग आपटून वाळू थापते, आजूबाजूला उधळते, कुणाला जागा कळू नये म्हणून. दमते, पण ते केल्याशिवाय जात नाही. तेव्हा मला तुझी रविवारची दुपार आठवली. माझे केस तेल लावून विंचरतेस, शाळेच्या झग्याचं हुक टाचतेस, शेंगदाण्याच्या चटणीची बरणी भरतेस, मावशीला परत परत तेच सांगतेस. मावशी म्हणते, "अगं, बस की जरा." तू बसत नाहीस. माझा राग तिथंच वाळूत गेला.

तू गेल्यापासून बदनापुरात मी एकटीच राहते. जालन्याहून ऑफिस सुटल्यावर येते, कुलूप काढते, रेडिओ लावते. घरात दुसरा आवाज नसतो, आणि खरं सांगू, त्याची सवय होत नाही. स्टँडवर जाफराबादची गाडी लागलेली दिसली, की ती वळेपर्यंत माझा पाय निघत नाही.

या पत्राला पत्ता नाही. तुझ्या इरकलीच्या घडीत ठेवून देईन. पण एक लिहूनच टाकते. एकदा मी हलले होते. गाडी सुटायच्या आत पुढून वळसा घालून पलीकडं गेले. तू त्या बाजूच्या खिडकीशी होतीस, पदराचा बोळा तोंडात, डोळे गच्च मिटलेले. मी हाक मारली नाही. पळत माघारी येऊन माझ्या जागेवर उभी राहिले.

पुढच्या रविवारी तू विचारलंस, "हलली न्हाईस ना?"

मी म्हणाले, "बिलकुल न्हाई. तू बघत होतीस ना."