चंद्राची पोथी

पिंगुळी,
ता. २० ऑगस्ट १९६१

चि. बाबूस अनेक आशीर्वाद. इथे सर्व ठीक. लावणी आटपली. तुझी वहिनी शेवंती रोज तुझं नाव काढते.

तुझी तिन्ही पत्रं पोचली. तुमच्या कार्टूनच्या कारखान्यात चंद्रावरच्या स्वारीची मालिका निघते आहे, साहेबाला तू काढलेली चंद्राच्या चित्रांची पोथी बघायची आहे, आवडली तर तुला नुसते रंग भरण्यातून काढून चित्रं काढायला बसवणार, हे सगळं समजलं. दसऱ्याआधी हवी, तेही समजलं. दर पत्रात तेच काय लिहितोस? पावसाचे दिवस, टपालात कागद भिजतात.

आणि तुमच्या चंद्रावर म्हणे चाळीस वाजंत्री वाजवणार. लग्न आहे काय चंद्राचं? तू देवळात पोथीतलं एकेक चित्र दाखवत गोष्ट सांगितलीस तेव्हा यान वर जाईपर्यंत हुडकावर थाप मारून तो घुमवलास, आणि चंद्राचं चित्र आलं तसा त्यावरचा हात उचललास. नुसती वीणेची एक तार वाजत होती. सुभद्राकाकी म्हणाली, "माका थंडी वाजली रे." हे सांग त्या साहेबाला.

मला मात्र राग आला होता. देवीसमोर ना राम, ना पांडव, लोखंडी यान! त्यात डोक्यावर सूर्य आणि मागे आभाळ काळंठिक्कर. "ह्या खंयचा रे आभाळ?" असं मी सगळ्यांदेखत विचारलं आणि हसलो. लोकही हसले. दुसऱ्या दिवशी तू मुंबई गाठलीस.

परवा धोंडूमास्तरांनी पेपर वाचून दाखवला. वर जाऊन आलेला तो रशियाचा माणूस सांगतो, तिथलं आभाळ काळंच असतं. मास्तर म्हणाले, "तुझ्या भावान आधीच काढलेला." मी उठून घरी आलो. जेवलो नाही.

आता किती टाळू? पोथी नाही, बाबू. तू गेलास त्याच आठवड्यात मी ती नदीत सोडली. जीर्ण पोथीचं करतात तसं सगळं केलं, नारळ, हळदकुंकू, पाच माणसांना जेवण, म्हणजे कुणी विचारायला नको. जीर्ण कसली, रंग अजून हाताला लागत होते.

मी परत काढायला बसलो. राक्षस जमतात, रथ जमतात, तुझा चंद्र जमत नाही. सात कागद वाया घालवले.

साहेब म्हणेल, पोरगा थापा मारतो. म्हणून हे पत्र त्याला वाचून दाखव. एकट्याला नको, सगळ्यांसमोर वाच.

एवढंच कळावं. खाली दादा लिहायला हात धजत नाही.

महादू