फाटकाशी दोनदा घंटी

मामा,

काल मी पुन्हा पडले. आपल्याच फाटकाशी, उभ्या सायकलवरून. चालत्या सायकलवरून पडलं तर लोक उचलायला धावतात, उभ्या सायकलवरून पडलेल्या बाईला आधी पोटभर हसून घेतात. उजवं मनगट सुजलंय, म्हणून अक्षर असं कोंबडीच्या पायावाणी आलंय. लेक बँडेज बांधता बांधता म्हणाला, "मम्मी, लय झालं आता. रविवारी मी ती पायडलं काढून टाकणार, साधी बसवणार." तुम्ही गेलात तेव्हा हे लेकरू पाळण्यात होतं. आता मलाच दम द्यायलंय.

ही पायडलं तुम्हाला दाखवायची फार इच्छा होती. क्लिपलेस म्हणतात त्यांना, पण पाय धरतात सुसरीवाणी. बुटाच्या तळाला बोटभर लोखंडी तुकडा स्क्रूनं बसवलेला असतो, त्याला क्लीट म्हणतात. तो पायडलात दाबला की खट्ट वाजतं आणि पाय पक्का. मग पाय वर घेतानाही पायडलाला जोर मिळतो, चढाला सायकल कशी निघते म्हणून सांगू! सोडवायचं तर टाच बाहेर वळवायची, बस्स. वर उपसून निघत नाही. आमच्या रविवारच्या सायकलवाल्यांत दोन डॉक्टर आहेत, एक वकील आहे, आणि मी गणिताची बाई. सगळे एकेकदा भर चौकात आडवे झालेत. मला मात्र भिंतीला धरून आत-बाहेर, आत-बाहेर करताना पहिल्याच दिवशी जमलं. "मॅडम, तुम्ही लवकर शिकलात," म्हणाले. त्यांना काय माहीत, पायडलाला बांधलेला पाय मी बाराखडीच्या आधी पाहिलाय.

तुमचा उजवा पाय लहानपणीच पोलिओनं वाळलेला. पायडलावर ठेवला की घसरायचा. म्हणून जुन्या ट्यूबची काळी पट्टी कापून तुम्ही तो पायडलाला बांधून घ्यायचात आणि सेलूच्या याच गल्लीतून जिनिंगला जायचात, काट्यावर कापूस मोजायला. डावा पाय जमिनीला टेकायचा, पण गाठ सोडायला वाकलात की सायकल कलायची. दुसऱ्याचा हात लागायचाच. तिकडे एखादा हमाल यायचा, इकडे मामी. गल्लीच्या तोंडाशी दोनदा घंटी वाजली की मामी भाकरीचं पीठ लागलेले हात तसेच घेऊन बाहेर पडायची. "आले बघा घोड्यावरून नवरदेव!" म्हणायची. तुम्ही वरून म्हणायचात, "मंग ओवाळ की." केसांत, मिशांत कापूस अडकलेला. आई गेल्यावर तुम्ही मला या घरात आणलंत, आणि मला आठवतात तेवढ्या सगळ्या संध्याकाळींत ही घंटी आहे.

एकदा मामी हळदी-कुंकवाला गेलेली. घंटी वाजली. मी धावत आले आणि पट्टीला हात घालणार तोच तुम्ही ओरडलात. तुमचा तो आवाज मी कधी ऐकला नव्हता. "हात लावू नको! भाचीनं मामाच्या पायाला हात लावायचा असतो का गं? मला नरकात घालतीस का?" मी रडायला लागले तशी तुमची जीभ मऊ झाली. "तसं न्हाई माय. भाची म्हंजे देव. देवानं कुणाचे पाय धरावेत का?" आणि ओसरीचा खांब धरून, एक पाय बांधलेला तसाच, तुम्ही मामी येईपर्यंत उभे राहिलात. मी तांब्याभर पाणी आणून दिलं, ते सायकलवर बसूनच प्यायलात. मामी आली आणि तिनं कपाळावर हात मारून घेतला. "आवं, लेकरानं सोडली असती तर आभाळ पडलं असतं का?" मला तेव्हा तुमचा राग आला होता. माझ्या वर्गातल्या सगळ्या पोरी बापाच्या पाया पडायच्या, आणि दिवाळीला माझ्या घरात उलटंच. तुम्ही भिंतीला धरून, तो वाळका पाय आखडून, माझ्यासमोर वाकायचात. मी पाटावर अवघडून उभी.

पुढे त्याच सायकलवर मला शिकवलंत. नळीखालून पाय घालून हाफ पायडल मारत मी जायची आणि तुम्ही ओट्यावरून ओरडायचात, "थांबायच्या आधी पाय मोकळा कर! थांबल्यावर न्हाई!" स्वतःला कधी करता आलं नाही ते मला रोज सांगायचात. वकीलसाहेबांनी मला तोच नियम शिकवला तेव्हा मी चटकन तोंड फिरवलं. लग्नात मला मांडवात तुम्हीच आणलंत, माझ्या खांद्याचा आधार घेत. लोकांना वाटलं मामानं भाचीला धरलंय. अक्षता पडल्यावर तुम्ही माझ्या पाया पडलात आणि तुम्हाला उठता येईना. हात दिला मी. पाय मात्र तेव्हाही शिवू दिले नाहीत.

मग परभणीचा दवाखाना. मामी आधीच गेलेली. दुपारची वेळ, पंखा घरघरतोय, तुम्ही दोन दिवस कुणाला ओळखत नाही. आणि एकाएकी तुमचा वाळका पाय चादरीखाली हलायला लागतो. टाच घासताय. "घर आलं गं," म्हणताय. "सोड की पट्टी." मी इकडे तिकडे बघते. मामीला बोलावताय हे मला कळतं. मामी कुठून आणू? तुम्ही पुन्हा म्हणता, "सोड ना. किती येळ उभा राहू?" मी चादर बाजूला केली मामा. त्या पायाला आयुष्यात पहिल्यांदा हात लावला. थंड होता, लहान मुलाच्या पायाएवढाच होता. नसलेल्या पट्टीची नसलेली गाठ मी बोटांनी सोडवली, चांगली सावकाश, मामी सोडायची तशी. तुम्ही हं केलंत. पाय निपचित झाला. आणि मग तुम्ही डोळे उघडून माझ्याकडे पाहिलंत आणि सलाईनची सुई टोचलेला हात दुसऱ्या हाताला नेऊन जोडलात. मामीला तुम्ही कधी हात जोडले नव्हते. म्हणजे ओळखलंत मला. भाचीनं पाय शिवले, ते फेडून गेलात. ऊन कलायच्या आत सगळं संपलं. मी तेव्हा रडले नाही, आता रडतेय, या वयात, सुजलेल्या मनगटावर.

लेकाचं म्हणणं, स्प्रिंग घट्ट आहे. मीही तेच सांगत आले. त्यानं अॅलन कीनं स्प्रिंगचा स्क्रू पार ढिला केला, तरी मी पडले. मग म्हणे, माती अडकत असेल. वालूरच्या रस्त्याला काळी माती कशी चिकटते तुम्हाला माहीत आहे, बुटाखाली भाकर थापल्यावाणी होते. पण मी दर रविवारी पेपर पसरून बसते. क्लीटमधली माती काडीनं कोरते, पायडल जुन्या टूथब्रशनं घासते, कोरडं पुसते, स्प्रिंगला तेलाचा थेंब सोडते आणि वरचं तेल पुसून घेते, नाहीतर धूळ धरतं. क्लीटचे स्क्रू काढून ग्रीस लावते, पुन्हा आवळते. क्लीट झिजली होती, तीही नवी बसवली. गावातल्या कुणाची पायडलं इतकी स्वच्छ नसतील. चौकात, रेल्वेच्या फाटकात, म्हशी आडव्या आल्या तरी माझी टाच आपोआप वळते. मी कधीच कुठे पडलेली नाही. फक्त घरी पडते.

हे पत्र कुठे टाकणार, तुमच्या फोटोमागं ठेवीन. रविवारी लेक पायडलं काढेल, त्याला मी काही सांगणार नाही. तुम्हाला सांगते. स्प्रिंगचा काही दोष नाही, मामा. घर आलं की मी दोनदा घंटी वाजवते आणि टाच वळवतच नाही. आतून कुणीतरी येईल म्हणून थांबते.