जावयाची केबिन

प्रिय बाबा,

आईनं अनारशांचं पीठ डब्यात भरल्याचा तुमचा मेसेज सकाळी वाचला. मागच्या अधिक महिन्यात तुमची बायपास निघाली, म्हणून या वेळी सातासमुद्रापार इथे ट्रॉयला येऊन जावयाच्या हातात स्वतः वाण ठेवायचं, हा तुमचा हट्ट मला माहीत आहे. त्याच मेसेजच्या शेवटी तुम्ही पुन्हा लिहिलंय, ‘जावईबापूंच्या ऑफिसात एक फोटो काढू. त्यांच्या केबिनमध्ये, दारावरच्या पाटीसकट.’ त्या केबिनबद्दलच लिहितेय. फोनवर तुमचं ‘बोल बाळा’ ऐकलं की माझी दातखीळ बसते आणि मी पुन्हा काहीतरी गुळमुळीत बोलून मोकळी होते. म्हणून हे पत्र. विमानात बसायच्या आधी वाचा, आणि आईलाही वाचून दाखवा.

तुम्हाला वीज मंडळातली तुमची पाटी किती प्यारी होती, ते मी लहानपणापासून पाहिलंय. ऑफिसात शिरण्याआधी रुमालानं ती पुसायचात. माझ्यासाठी आलेल्या प्रत्येक स्थळाला तुमचा पहिला प्रश्न असायचा, ‘मुलाची पोस्ट काय?’ मी चिडायचे, तुम्ही हसायचात. मग कोविडमध्ये आम्ही इथे कोर्टात लग्न केलं, तुम्ही दोघं सांगलीत फोनसमोर अक्षता घेऊन बसला होतात, आणि सोरिनला बघून तुम्ही मला तोच प्रश्न विचारलात. मुलगा परका, भाषा परकी, लग्नाला आपलं एक माणूस नाही, हे सगळं तुम्ही गिळलं होतं. निदान पोस्ट तरी चांगली असू दे, असं वाटलं असेल मला. मी म्हणाले, ‘गाड्यांच्या कंपनीत मॅनेजर.’ इथे बहुतेक सगळे गाड्यांच्याच कंपनीत असतात. तोंडाला आलं ते बोलून गेले. तुमचा चेहरा असा खुलला, की मग मागे फिरायची माझी हिंमतच झाली नाही.

बाबा, सोरिन मॅनेजर नाही. तो फुटबॉलचा कोच आहे, शाळकरी मुलींना शिकवतो. त्याआधी तो खेळाडू होता. रोमानियात डोंगराच्या पायथ्याशी त्याचं गाव, वडील लाकडाच्या वखारीत. विशीच्या आत तो तिथल्या वरच्या लीगमध्ये बचावफळीत खेळायला लागला. गोल करणाऱ्यांचे फोटो छापून येतात, त्यांना अडवणाऱ्यांचे येत नाहीत, असं तो हसत सांगतो. त्याचा फोटो छापून आला तो एकदाच. कपच्या फायनलला, शेवटच्या मिनिटांत, समोरच्याचा पास अडवायला त्यानं पाय घातला आणि चेंडू त्याच्याच गोलात गेला. वडील स्टेडियममध्ये होते. रात्री घरी पोचून दारातच तो आईला म्हणाला, ‘आज माझ्यामुळे हरलो,’ आणि जेवायला बसला. आमच्या पहिल्या भेटीत त्यानं मला हीच गोष्ट सांगितली. आमच्या कंपनीच्या मॅचसाठी त्याला शिकवायला बोलावलं होतं, आणि मी चेंडू सोडून भलतीकडेच धावत होते म्हणून तो मला ओरडला होता. आपलं सगळ्यात मोठं अपयश पहिल्याच कॉफीला सांगणारा माणूस मी तोवर पाहिला नव्हता. म्हणून तर मी त्याच्याशी लग्न केलं, आणि मग त्याच माणसाला लपवलं.

एकदा खोटं बोललं की ते निस्तरत बसावं लागतं. मी दोनदा सांगलीला एकटी आले, तेव्हा त्याच्या टीमचा सीझन होता. तुम्हाला म्हणाले, ऑडिट आहे. आत्यानं तिच्या मिहीरचा बायोडाटा ‘भावजींना दे’ म्हणून पाठवला, तर मी म्हणाले, सध्या भरती बंद आहे. बिचारा मिहीर अजून अधूनमधून विचारतो. इथल्या मराठी मंडळातल्या निम्म्या मुली सोरिनला ‘कोच’ म्हणून हाका मारतात, म्हणून या खेपेस तुम्हाला मंडळात न्यायचंच नाही, असं मी ठरवून टाकलं होतं. आणि केबिनचंही जमवलं होतं. शेजारचा सत्यजित खराच मॅनेजर आहे. तो म्हणाला, ‘अगं, सॅटर्डेला ऑफिस एम्प्टी असतं, बिंधास घेऊन ये. नेमप्लेट प्रिंट करू यार, हू केअर्स!’

सोरिनला सांगितलं तेव्हा तो भांडेल असं वाटलं होतं. त्यानं एवढंच विचारलं, ‘बाबा विल बी हॅपी?’ मी हो म्हणाले. त्याच शनिवारी त्याच्या टीमच्या मुलींची फायनल आहे. ती त्यानं असिस्टंटवर सोपवली आणि माझ्याबरोबर सूट घ्यायला आला. भांडला असता तर बरं झालं असतं. मीही भांडले असते, आणि लाज जरा मागे राहिली असती.

आज सकाळी मी जिन्यातच थांबले. खाली तो नवा सूट घालून आरशासमोर मी शिकवलेलं मराठी घोकत होता, ‘नमस्कार बाबा. मी मॅनेजर. काम बरं चाललं आहे.’ मला पाहिल्यावर खुर्चीत बसला, पँट गुडघ्यापर्यंत वर केली आणि काळजीनं म्हणाला, ‘उल्का, बाबा विल सी धिस. आय से, जिन्यावरून पडलो. ओके?’ त्या गुडघ्यावर लांब व्रण आहे. त्या कपच्या फायनलनंतरच्या वर्षी, त्याच टीमविरुद्ध, गोलात शिरणारा चेंडू अडवताना तो गुडघा मोडला. गोल झाला नाही. त्याचं खेळणं तिथे संपलं, पण तो व्रण तो कुणालाही अभिमानानं दाखवतो. आणि आता तो ‘जिन्यावरून पडलो’ पाठ करत होता, माझ्यासाठी. मी गॅरेजमध्ये गाडीत जाऊन बसले आणि रडले. बाबा, मला इतकी लाज आयुष्यात कधी वाटली नाही. त्याच्या नोकरीची मी लाज बाळगली, याची लाज. आणि तुमचं प्रेम एका पाटीवर अडेल असं मी मानलं, याचीही.

सत्यजितला मी केबिन नको म्हणून कळवलंय. सोरिनला अजून काही माहीत नाही. हे पाठवलं की सांगणार आहे, शनिवारी मैदानावर जा म्हणून. रागवायचं तर माझ्यावर रागवा, हवं तितकं. पण आईनं केलेले अनारसे त्याच्याच हातात द्या, आणि जमलं तर मैदानावर, तो ट्रॅकसूटमध्ये असताना. हे पत्र तेवढं मागण्यासाठीच लिहिलंय. फोटोही तिथेच काढू, पाटी नसली तरी. आणि बाबा, घरी आलात की त्याला विचारा, गुडघ्याला काय झालं. मग खुर्ची ओढून निवांत बसा, कारण तो सगळं सांगतो.

तुमचीच,
उल्का