तिसरं बाळंतपण कोणाकडे?

रोहा, ६ जानेवारी २०२५

सौ. चंद्रावतीबाई विहीणबाई यांस,
गिरजाबाईचा स. न. वि. वि.

नमिताने आपल्या दोघींना फोनबंदी केली, ती मला मान्य आहे. परवा तुम्हीही बोलत होतात, मीही बोलत होते, ऐकत कोणीच नव्हतं, आणि इकडे तुमच्या लेकीचं बीपी चढलं. म्हणून हे पत्र. हर्षद नागोठण्याला कंपनीत गेला की तिथेच कामाला असलेल्या तुमच्या अमोलच्या हातात देईल. सोबत वालाची आमटी आहे. सांडली तर दोष माझ्या मुलाचा.

मुद्दा असा. पहिली नात तुमच्याकडे पेणला झाली, दुसरी आमच्याकडे रोह्याला. दोन्ही वेळा सिझर. आता तुम्ही म्हणता, तिसऱ्याला पाळी फिरून पेणवर आली. तिसरं कशाला, असं मीच विचारलं होतं, तेव्हा तुमच्या लेकीने घरात जागा आहे असं उत्तर दिलं. असो. सोनोग्राफीत बाळाची वार खाली आणि जुन्या टाक्यांवर चिकटलेली दिसली. अशा वेळी पोर हलवायची नसते. शिवाय खांब गावची मैनाबाई सुईण चोळायला येणार आहे. तिने आजवर कितीतरी अडलेल्या वारा सोडवल्या. म्हणाली, घाबरायचं नाय गो वयनी, दोन दिस तेल लावून चोळलं की सुटंल. बुधवारी बोलावलंय.

राग सोडून लोभ तेवढा ठेवावा.
गिरजाबाई

पेण, ७ जानेवारी २०२५

सौ. गिरजाबाई विहीणबाई यांस,
स. न. वि. वि.

मैनाबाईला बोलावू नका. हात जोडते. हे आधी लिहिते, भांडण मागाहून. अमोलला आज सुट्टी, तरी हे पत्र घेऊन कंपनीच्या गेटवर पाठवलाय.

काल रिपोर्ट घेऊन इथल्या डॉक्टरांकडे गेले. एरवी मूल झालं की वार आपोआप सुटते. हिची जुन्या टाक्यांतून गर्भाशयाच्या भिंतीतच रुजली आहे. मला डॉक्टरी कळत नाही, पण बांध कळतो. मिठागराच्या बांधात खारफुटीतली तिवर रुजली तर आमचे हे ती कुणाला उपटू देत नाहीत. मुळं आत गेलेली असतात, झाडाबरोबर बांध फुटतो आणि खाडी आत येते. डॉक्टर म्हणाले, बाई, अगदी तसंच. ही वार चोळली, ओढली, तर रक्त थांबायचं नाही आणि पोर हातातून जाईल.

उपाय एकच. दिवस भरायच्या आधी तारीख ठरवून सिझर करायचं, आणि वारेला हात न लावता गर्भाशयच काढायचं. तेही ब्लड बँक असलेल्या मोठ्या हॉस्पिटलात, म्हणजे नवी मुंबईला. आणि आधीपासून तिथेच राहायचं, कारण वाटेत रक्त सुरू झालं तर हायवेवर कुणाला हाका मारणार? मी पेणचा हक्क सोडला. तुम्ही रोह्याचा सोडा. रक्त द्यायला आठ माणसं आम्ही आणतो, आठ तुम्ही आणा.

आमटी निम्मी पोचली. मीठ कमी होतं. आमच्या मिठागरातलं अर्धा किलो पाठवते.

माझ्या लेकीवर आहे तशीच माया असू द्या.
चंद्रावती

रोहा, २० जानेवारी २०२५

सौ. विहीणबाईंस,
स. न. वि. वि.

मैनाबाईला दारातूनच परत पाठवलं. रुसून गेली, पण नारळ घेऊन गेली.

आता माझी चूक सांगते. सुईचं नाव काढलं की आमच्या आळीतल्या पुरुषांना शेतावरची कामं आठवतात. म्हणून मी शनिवारी शेतावर पोपटी लावली. वालाच्या शेंगा, अंडी, भांबुर्ड्याचा पाला, दोन मडकी भरून जाळात. अट एकच, जो खाईल त्याने रविवारी सकाळी रक्त द्यायला गाडीत बसायचं. दहा जणांनी खाल्लं आणि दहाही बसले. पण मी घरी आल्यावर ते लोक पोपटीसोबत काय प्यायले, ते ब्लड बँकेत वासावरूनच कळलं. आठ जणांना परत पाठवलं. उरले हर्षद आणि आमचा माळकरी ड्रायव्हर.

मग रक्त द्यायला मीच आडवी झाले. नातींना लस टोचताना मी अंगणात जाऊन उभी राहते, हे तुम्हाला ठाऊक आहे. वय अठ्ठावन्न, वजन विचारू नका. उरलेले पाच पुढच्या रविवारी आणते, आदल्या दिवशी फक्त पेज पाजून. तुमचे आठही पहिल्या दिवशी पास झाले म्हणे. कळलं मला.

विहीणबाई, मला भीती वाटते. काल नमिताला हॉस्पिटलाजवळच्या खोलीवर सोडलं. निघताना तिने कपाटाच्या किल्ल्या माझ्या हातात ठेवल्या. मी त्या परत तिच्या पर्समध्ये टाकल्या. म्हटलं, तुझं कपाट तू येऊन उघड. गाडीत बसल्यावर मात्र खूप रडले.

तुमची माया असावी. या वेळी खरोखरच लागणार आहे.
गिरजाबाई

नवी मुंबई, १२ फेब्रुवारी २०२५

ती. आई आणि ती. सासूबाई यांना,
नमिताचा शि. सा. न. वि. वि.

हेच पत्र मी दोनदा लिहिलंय, शब्दाला शब्द तेच. हवं तर ताडून पाहा. हॉस्पिटल एकाच माणसाला राहू देतं, म्हणून तुम्हा दोघींना घरी पाठवून हर्षदना ठेवून घेतलं. रागावू नका.

मुलगी दोन किलो शंभर ग्रॅमची आहे आणि तिचा आवाज दोन्ही आज्यांवर गेलाय. मला सात पिशव्या रक्त लागलं. त्यात आपली कुठली, असं तुम्ही दोघींनी वेगवेगळं जाऊन विचारलंत, हे नर्सने सांगितलं. कुठली ते तिलाही ठाऊक नाही, बरंच झालं. गर्भाशय गेलं. एक दुपारभर रडले, मग बाळाची दुधाची वेळ झाली. भूल देताना वाटलं होतं, आता कुणी दिसत नाही परत. जाग आली तर काचेपलीकडे तुम्ही दोघी एकाच शालीत.

आता आई म्हणते रोह्याला जा, सासूबाईंनी रक्त दिलंय. सासूबाई म्हणतात पेणला जा, आईने जीव वाचवला. भांडण तेच, फक्त बाजू बदलल्या. तर निकाल ऐका. मी रोह्याला जाणार आणि आईने सव्वा महिना तिथे येऊन राहायचं. फोनबंदी उठवली आहे, पण एकीने बोलायचं तेव्हा दुसरीने ऐकायचं.

रोह्यालाच का, तर किल्ल्या अजून माझ्या उशाखाली आहेत आणि हर्षद तीन आठवडे दोनच शर्टांवर काढतायत. कुलूप फोडू का, म्हणून विचारत होते. मी नको म्हटलं. शनिवारी येते आणि माझं कपाट मीच उघडते.

तुम्हा दोघींच्या मायेत वाढलेली,
नमिता