फळ्यावरचा निळा

३ मार्च
लंबू मुकादम! बारा वर्षं मी या रंगखात्यात सुताच्या लड्या रंगवतेय, आणि हा आला काल-परवा. साहेब म्हणे, त्याला माणसं सांभाळता येतात. मग मी काय इतकी वर्षं शेळ्या सांभाळल्या? जळफळाट होतोय. हो, होतोय. इथे कुणापासून लपवू?

१० मार्च
कुणी कोणत्या रंगावर, ते रोज सकाळी फळ्यावर मी लिहिते. आज लिहिलं — लंबू निळा, हसऱ्या पिवळा. नंतर दोघा पोरांनी आपसांत रंगांची अदलाबदल केली. लंबू म्हणाला, काकू, फळा तेवढा बदला. म्हटलं, मुकादम तू, तूच बदल. विसरला तो. मीही हात लावला नाही. सुटताना तसंच खात्याच्या वहीत उतरवलं.
चहा मात्र आणून दिला त्याने. कपाच्या कानाला पिवळी बोटं उमटलेली.

१८ मार्च
गोदामातल्या नव्या मुलीने आज तोंड उघडलं. दहा तारखेला दिवे गेले, तेव्हा कुणीतरी मागून धरलं, तोंड दाबलं, नको तिथे हात घातला. चेहरा दिसला नाही. झरोक्याच्या उजेडात हात दिसला — कोपरापर्यंत निळा. आठ दिवस पोर भीतीने गप्प होती. तोवर सगळ्यांचे हात स्वच्छ झाले.
साहेबांनी वही मागवली. वहीत दहा तारखेला निळ्यावर एकटा लंबू.

१९ मार्च
त्याला घरी बसवलं. मला आनंद झाला. लाजही वाटली, पण आनंद आधी झाला.

२१ मार्च
चौकशीच्या बाई शांत आहेत. मुलीवर माझा विश्वास आहे, म्हणाल्या, पण त्याचंही पूर्ण ऐकणार. हसऱ्या बिनदिक्कत म्हणाला, मी पिवळ्यावर होतो. लंबू माझ्याकडे वळला.
"काकू, सांगा ना. चहा दिला तेव्हा माझे हात कसे होते?"
मी बाईंकडे बघून म्हणाले, "आठवत नाही. वहीत असेल तेच खरं."

२२ मार्च
डबा न उघडताच घरी आणला.

२८ मार्च
लंबूला काढलं. मुकादम मी. त्याची आई फाटकाशी उभी होती. मी मागच्या दाराने गेले.

२ एप्रिल
आत्ता गोदामातली ती नवी मुलगी आली. गोदामात एकटीने जायची भीती वाटते, म्हणाली. "काकू, हसऱ्यादादाला माझ्यासोबत द्या ना. आता इथे मला त्याचाच तेवढा भरवसा वाटतो."
तिला माझ्या खुर्चीत बसवलंय. मी गेल्यावर आतून कडी लाव, कुणालाही उघडू नकोस, म्हटलं. चौकशीच्या बाई अजून ऑफिसात आहेत. ही माझी डायरी घेऊन त्यांच्याकडे निघतेय.