शाळा सोडल्याचं कारण

कृष्णानगर, हैदराबाद
४ ऑगस्ट

पूज्य रामसुब्बय्या सर,

मद्दिलेटीचा नमस्कार. कोण मद्दिलेटी म्हणाल, तर दहावी ब, हजेरीत एकतिसावा, प्रश्न विचारून विचारून तास खाणारा. आपल्या एर्रगुंटपल्लेत मद्दिलेटी नावाची पोरं मोजायला दोन्ही हातांची बोटं पुरत नाहीत, म्हणून एवढी ओळख दिली. मी इकडे खुशाल आहे. तुम्ही आणि घरी अम्मा बरे आहात ना? तुम्ही हेडमास्तर झालात असं माझी बहीण नागम्माक्का फोनवर म्हणाली. हेडमास्तर झाल्यावर वर्गावर जावं लागतं का हो? फळ्यावर अजून लिहिता, की खडू सुटला?

तुमचा नंबरही अक्काने दिला होता. दोन-तीनदा लावायला घेतला आणि ठेवून दिला. पत्र बरं. पत्रात माणसाला खोडता येतं.

सर, मी सिनेमात मार खातो. म्हणजे नोकरीच ती. फायटर्सच्या युनियनचं कार्ड आहे माझ्याकडे. हीरोने एक बुक्की मारली की दोरीला बांधलेले आम्ही आठ जण उडतो, त्यातला डावीकडून तिसरा बहुतेक मी असतो. अक्का थिएटरात नवऱ्याला कोपराने ढोसून दाखवते, ‘तो बघा, पडला आमचा.’ उंची आणि खांदे जुळतात म्हणून गेल्या वर्षापासून एका हीरोचा डुप्लिकेट म्हणूनही घेतात. पाठमोरा मी, समोरून तो.

आता चालू आहे तो सिनेमा ऐकून तुम्ही हसाल. एक गावगुंड पोरगा असतो, तो सुधारतो, पुस्तकं हातात घेतो आणि शेवटी कलेक्टर होतो. मध्ये सहा फाइट. कलेक्टर व्हायला सहा फाइट कशाला लागतात, असं मी कोदंडम मास्टरना विचारलं. ते आमचे फाइट मास्टर. म्हणाले, ‘अभ्यास बघायला तिकीट कोण काढतं रे?’ मला पटलं नाही. मी काढलं असतं.

कॉलेजच्या वर्गाचा सेट लावलाय. फळ्यावर पेंटरने काटकोन त्रिकोण काढला. बाजू तीन आणि चार, आणि कर्णावर लिहिलं सहा. मी दोन दिवस त्या सहाकडे बघत बसलो. नऊ आणि सोळा मिळून पंचवीस, मग पाच नको का? तिसऱ्या दिवशी राहवलं नाही. हळूच गेलो, सहा पुसला, पाच लिहिला. दुपारी हा गोंधळ. असिस्टंट डायरेक्टर प्रवल्लिका मॅडम धावत आल्या, ‘कोणी हात लावला फळ्याला?’ मी म्हटलं, मॅडम, ते चूक होतं. तर म्हणाल्या, ‘चूक होतं ते मलाही कळतं. पण कालच्या शॉटमध्ये सहा गेलाय ना? आज पाच दिसला तर ती चूक होईल.’ आणि माझ्याच हाताने पाच पुसून सहा लिहायला लावला. सर, तुमच्या हातचा खडू खाल्लेला मुलगा मी. असा जीव तळमळला म्हणून सांगू.

तर मुद्द्याचं. ओपन स्कूलमधून दहावीला बसायचं ठरवलंय. कोठीच्या फुटपाथवरून जुनी गाइडं आणलीत. आम्हाला सेटवर दिवस दिवस बसून राहावं लागतं, तेवढ्यात वाचतो. वय पंचवीस पार झालं, पण मास्टर म्हणतात दोरीवर फार तर आणखी सहा-सात वर्षं, मग गुडघे बोलायला लागतात. आणि खरं सांगू, नुसतं त्यासाठी नाही. मला पुढच्या इयत्तांचे धडे बघायचेत. शिक्षण अर्ध्यात राहिलं होतं.

अर्जाबरोबर आपल्या शाळेचा दाखला लागतो. शेवटची तारीख दहा सप्टेंबर. तो नसला तर हे वर्ष गेलं, आणि एक वर्ष गेलं की मी पुन्हा उठेन की नाही, माझा मला भरवसा नाही. घरच्या अडचणीमुळे मी त्या वेळी शाळा सोडली, हे तुम्हाला माहीतच आहे. तसं लिहून दाखला पोस्टाने पाठवलात तर उपकार होतील.

आपला जुना विद्यार्थी,
मद्दिलेटी


कृष्णानगर, हैदराबाद
१९ ऑगस्ट

पूज्य सर,

नमस्कार. पत्र पोचलं असेल. उत्तर नाही. का नाही ते मला ठाऊक आहे, आणि मला ठाऊक आहे हे तुम्हालाही ठाऊक आहे. घरची अडचण वगैरे काही नव्हती. ते वाक्य लिहिताना पेन अडलं होतं, तरी लिहिलं.

काल सेटवर काय झालं ते आधी सांगतो. मग बाकीचं आपोआप येईल.

सिनेमात हीरो सुधारण्याआधी एकदा आपल्या लेक्चररला मारतो. बाकाची फळी उपटतो आणि घालतो. हीरोची तारीख नव्हती, म्हणून पाठमोरा शॉट माझ्यावर आला. लेक्चररचं काम करणारे जोगाराव सत्तरीचे आहेत, आयुष्यभर नाटकातून धर्मराज केलेले, सेटवर सगळ्यांना बाळ म्हटल्यासारखं ‘नायना’ म्हणून हाक मारतात. फळी हलक्या लाकडाची, आधीच चिरून ठेवलेली. लहान मूलही मोडेल. मारायचं म्हणजे नुसतं टेकवायचं.

सर, मला हात खाली आणता येईना. फळी वर जायची आणि वरच राहायची. एक टेक, दोन, पाच. मास्टर आधी चेष्टेत होते, ‘काय रे, बाक सासऱ्याने दिलाय का? हाण की.’ मग चिडले. ‘अकरा मजल्यांवरून उडी मारतोस आणि फळी मारता येत नाही?’ जोगाराव जवळ आले, माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, ‘हाण, नायना. पन्नास वर्षांत मला इतक्यांनी मारलंय, तू काय वेगळं मारणारेस?’ आणि त्यांनी डोकं वाचवायला उजवा हात असा आडवा धरला. अगदी असा. तुम्ही धरला होतात तसाच.

नवव्या टेकला मी डोळे मिटून मारली. फळी मोडली, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी बाहेर जाऊन ओकलो. उन्हाने झालं म्हटलं.

आता ते दुसरं. हॉलतिकिटं वाटायचा दिवस होता. आपल्या गावात पोरगं जन्माला यायच्या आधी दोन वैरी गटांतली त्याची पार्टी ठरते. माझा मामा एकीकडे, दस्तगिरीचा बाप दुसरीकडे. त्या आठवड्यात दोघांची डोकी फुटली होती आणि आम्ही दोघं एकाच रांगेत उभे होतो. तो काहीतरी बोलला. काय बोलला, खरंच सांगतो, आता आठवत नाही. ज्यासाठी एवढं केलं ते आठवूही नये, हे कसं काय असतं? मी मोडक्या बाकाची फळी उचलली ती त्याच्या डोक्यासाठी. तुम्ही हातातली हॉलतिकिटं टाकून मध्ये आलात.

आवाज आठवतो. काल हलकं लाकूड मोडलं त्याचा आवाज निराळा होता. तुमच्या हाताचा बारीक होता.

मी शेतातून पळालो, शहाबादी फरशीच्या लॉरीत चढलो, हैदराबादला उतरलो. पोलीस येतील म्हणून वर्षभर नाव बदलून राहिलो. कोणीच आलं नाही. पुढे कधीतरी अक्का बोलता बोलता म्हणाली, ‘सर तर बाकावरून पडले होते ना? त्यांनीच तसं सांगितलं सगळ्यांना.’ तीस पोरांनी बघितलं होतं, सर. दस्तगिरीने बघितलं होतं. तुम्ही सगळ्यांना गप्प कसं केलंत?

आणि का केलंत? हा प्रश्न मी दहा वर्षं घेऊन फिरतोय. सिनेमात शेवटी हीरो पाय धरतो आणि लेक्चरर दीड मिनिटात त्याला उठवून छातीशी धरतो. तो शॉट माझ्याकडे नाही. माफी मागताना चेहरा लागतो, म्हणून ते हीरोचं काम. मी मास्टरना विचारलं, खरं इतक्या लवकर होतं का? ते म्हणाले, ‘सिनेमा अडीच तासांचा असतो, बाबा.’

मी वर्गात काही विचारलं की तुम्ही म्हणायचात, ‘तूच शोध आणि सोमवारी सांग.’ शोधलं. तुम्हाला माझी दया आली असेल, असं वाटलं, पण दया वर्षभरात ओसरते. पार्टीवाल्यांना घाबरलात असंही वाटलं. ते तर मुळीच पटत नाही, घाबरणारा माणूस मध्ये येत नाही. मला सापडलं नाही. तुम्हीच सांगा.

दाखला नाही दिलात तरी चालेल. म्हणजे चालणार नाही, पण मी काही बोलणार नाही.

मद्दिलेटी


कृष्णानगर, हैदराबाद
२९ ऑगस्ट, शुक्रवार

पूज्य सर,

तुमचं पत्र मंगळवारी मिळालं. पाकीट हातात घेतलं आणि वाटलं कोणा लहान मुलाने पत्ता लिहिलाय. तुमचं अक्षर मला पाठ आहे. तेलुगूची ती गोल गोल अक्षरं फळ्यावर तुम्ही अशी काढायचात की पुसायला मन व्हायचं नाही. आणि ही मोठी, डावीकडे कललेली, ओळ सोडून खाली उतरणारी. आत सही तुमची.

अक्काला फोन केला. ती म्हणाली, ‘तुला कोणीच सांगितलं नाही का रे? मनगट नीट जुळलंच नाही त्यांचं. वर्षभर गावातल्या पहिलीच्या पोरांच्या ओळीत पाटी घेऊन बसायचे, डाव्या हाताने अक्षरं गिरवायला. पोरं हसायची. सर म्हणायचे, हसा, पण माझा अ आधी तपासा.’

सर, मी फोन ठेवला आणि रडलो. लपवून काय करू. खोलीत आम्ही चौघं राहतो, तिघं गपचूप बाहेर जाऊन उभे राहिले.

तुमच्या चार ओळी मी इतक्यांदा वाचल्यात की त्यांच्यासाठी कागद लागत नाही. ‘दाखला पोस्टाने मिळणार नाही, कारण नोंदवहीत तुझी सही लागते. शाळा सोडल्याचं कारण हा रकाना अजून कोरा आहे, तो मी भरलेला नाही, येऊन तू भर. दस्तगिरीला तुझं पत्र दाखवलं, तो आपल्याच शाळेत आता सातवीला गणित शिकवतो. आणि तुझ्या प्रश्नाबद्दल, तूच शोध आणि सोमवारी सांग.’

दहा वर्षांत तीन हेडमास्तर झाले असतील, तपासण्या झाल्या असतील. एक रकाना कोरा ठेवण्यासाठी तुम्ही किती जणांना काय काय सांगितलं असेल, सर? हेही मला विचारायचंय.

आज शूटिंग संपलं. कॅमेऱ्यापुढे कोहळा फोडला, सगळ्यांनी एकमेकांना मिठ्या मारल्या, सुतार सेट मोडायला आले. मी त्यांना म्हटलं, दोन मिनिटं थांबा. फळ्यावरचा सहा पुसला आणि पाच लिहिला. प्रवल्लिका मॅडम दारात उभ्या होत्या. म्हणाल्या, ‘आता कोण बघणारे?’ मी म्हटलं, मी बघतोय ना. मग सुतारांनी फळा उतरवला.

तो रकाना काय भरायचा ते गाइडच्या मागच्या पानावर लिहून बघितलं. पहिल्यांदा पानभर झालं, त्यात मामा होता, पार्ट्या होत्या, माझं वय होतं. ते खोडलं. दुसऱ्यांदा अर्धं पान, तेही खोडलं. आता एवढंच उरलंय: ‘बाकाच्या फळीने सरांचा उजवा हात मोडला आणि पळून गेला.’ रकान्यात मावेल ना?

‘का केलंत’ या माझ्या प्रश्नाचं उत्तर अजून सापडलेलं नाही. सोमवारपर्यंत दोन दिवस आहेत. नाही सापडलं तर सापडलं नाही असं सांगेन, त्यासाठी तुम्ही कधी मारलं नव्हतंत.

रविवारच्या गाडीने डोण स्टेशनला उतरेन, सोमवारी सकाळच्या बसने प्रार्थनेआधी शाळेत पोचतो. हे पत्र पोस्टात टाकत नाही, माझ्यानंतर पोचेल. तुमच्यासमोर उभं राहिल्यावर माझ्या तोंडून शब्द फुटणार नाही, हे मी आत्ताच ओळखलंय. म्हणून लिहून आणतोय. ऑफिसच्या दारात कोणी रुंद खांद्यांचा माणूस कागद पुढे करून नुसताच उभा राहिला, तर तो मीच समजा. या वेळी पाठमोरा नाही.

तुमचा हात मोडणारा, आणि तरीही तुमचाच विद्यार्थी,
मद्दिलेटी
दहावी ब, क्रमांक एकतीस