शनिवारची चूल

सोमवार, १२ जानेवारी २००४. सकाळी दहा वाजून चाळीस मिनिटं

वेळ मुद्दाम लिहून ठेवते. याच वेळी पोस्टमनने वाचनालयाच्या वार्षिकोत्सवाचं कार्ड हातात दिलं. त्यावर छापलंय — 'पाहुण्या कलावंत: श्रीमती मिल्का अष्टमकर, इस्रायल. आपल्या ज्यू कुटुंबाची गोष्ट चित्रांसह सांगतील.'

इस्रायल! माझ्याकडे पासपोर्टसुद्धा नाही. आजोबा रोह्याकडून इथे आचऱ्याला आले, तेलाचा घाणा घातला. बाबा इथेच जन्मले, मीही. भावंडं तिकडे गेली, मी नाही गेले. बेळगावात चौतीस वर्षं चित्रकला शिकवली आणि निवृत्त होऊन याच घरात परतले. पाहुणी म्हणे!

१३ जानेवारी

वाचनालयाच्या चिटणिसाकडे, गुरुदासकडे जाऊन आले. "बाई, पाहुणे म्हटल्यार मान मोठो!" मी म्हटलं, मान राहू दे, पत्ता दुरुस्त कर. मग चाचरत — "तुमचे सगळे थंय गेले. तुमी पण कधीतरी जातल्यात, म्हणान..."

"मी कुठे जायचं ते तुमच्या सभेत ठरलं का?"

सांगून आले — पाहुणी म्हणून स्टेजवर पाय ठेवणार नाही.

१६ जानेवारी, शुक्रवार

सूर्य बुडायच्या आत एवढंच, मग शनिवार सरेपर्यंत लिहिणं बंद: कार्यक्रम करायचा नाही. ठरलं.

१९ जानेवारी

गुरुदास आला. हातात वाटायची राहिलेली सगळी कार्डं. प्रत्येकावर निळ्या पेनाने 'पाहुण्या' आणि 'इस्रायल' खोडलेलं, आणि वर 'आचरा' लिहिलेलं. अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय! "परत छापूक येळ नाय, बाई." चहा दिला, नारळाची वडी दिली. देवा, तुझे आभार. गुरुदासचेही, पण त्याला सांगितलं नाही. डोक्यावर चढून बसेल.

करते कार्यक्रम.

२६ जानेवारी

काल गोष्ट सांगितली. वाचनालयाचं अंगण भरलं होतं. चित्रं मांडीवर उभी धरून एकेक सांगत गेले — आजोबा आणि घाणा, घाण्याचा बैल, शनिवारी घाणा बंद म्हणून गाव आम्हाला शनवार तेली म्हणायचं ते, शुक्रवारी सांजेला दिवा लावणारी आई. सातवं चित्र थंड चुलीचं. म्हटलं, "शनिवारी विस्तव पेटवायचा नाही, हा आमचा धर्म. त्या दिवशी आमची चूल विझलेली असे."

मागून आवाज — "खोटा!"

शेजारची आनंदीबाई. सत्तरी उलटली, अजून मासे विकते. कमरेवर हात ठेवून उभी. "चूल कोण पेटय होता गो? मी! तुझ्या आजयेक दमो. तिका गरम पाणी होया. सात वर्साचा होतंय तवसून, लगीन होयसर, दर शनवारी!"

लोक हसले. मला कसं माहीत असणार? सातव्या वर्षी मला बेळगावच्या कॉन्व्हेंटात टाकलं. त्याआधीचं काही आठवत नाही, शनिवारची चूल मी फक्त पत्रांतून वाचलेली. म्हटलं, "आई तुला सांगायची?"

"सांगतली कशी? दुसऱ्याक पेटव म्हणूकय तुमच्यात चलना नाय. ती नुसती दारात येवन उभी रव्हा. माका कळा."

मग माझ्या चित्रांकडे बोट नाचवत म्हणाली —

"बैलाक काढलंस. माका खंय काढलंस गो?"

नऊ चित्रं. आजोबा, आजी, आई, बाबा, भावंडं, बैल. शेजारचं एकही माणूस नाही! कॉन्व्हेंटात सिस्टर मला उद्धट उत्तरांसाठी वर्गाबाहेर काढत. काल मात्र मी नऊही चित्रं पालथी ठेवली आणि खाली बसले.

पण आई मिळाली. सहासष्टाव्या वर्षी. दारात उभी, न बोलता. हे मला कुठल्या पत्रात कोण लिहिणार होतं? आनंदीचे उपकार.

२८ जानेवारी

आनंदीबाई सकाळी आली, टोपली उतरवली. म्हणाली, "तुझी वही काढ आणि मी सांगतंय तसा लिव. एक शब्द बदलू नको." लिहिते:

'मिलका, तुझ्या चित्रात मी नाय. माका खंय घालतलंस आणि कसा घालतलंस, ता लिवन दी. तोंडी नको. तोंडी तू माका जिकूक देवचंस नाय. लिवलेला माझी नात माका वाचून दाखयतली. शिवरात्रीक कुणकेश्वराची जत्रा, तेच्याआदी उत्तर होया.'